डीव्हीआरची किल्ली नेमकी कोणाकडे?

पार्किंगमधली स्कूटर रात्रीतून गायब झालेली असते. पोलीस येतात, जागा पाहतात आणि पहिलाच प्रश्न विचारतात, "फुटेज आहे ना?" आहे की. चार कॅमेरे आहेत, सेक्रेटरींच्या कपाटावर चित्रीकरण साठवणारी डीव्हीआरची पेटी आहे, मॉनिटरवर चारही चौकटी लख्ख दिसतायत. माउसचं उजवं बटण दाबून 'प्लेबॅक'वर जायला गेलं की पडदा पासवर्ड मागतो. कुणी '१२३४५' टाकून बघतं, कुणी सोसायटीचं नाव, कुणी चेअरमनसाहेबांचा मोबाइल नंबर. शेवटी कॅमेरे बसवून गेलेल्या मुलाला फोन लावला जातो. त्यानं एकतर धंदा बदललेला असतो, नाहीतर नंबर.

अशा वेळी सगळे म्हणतात, पासवर्ड विसरला. पण विसरायला तो आधी माहीत असावा लागतो. आपल्याकडे घरच्या कॅमेऱ्यांचा पहिला पासवर्ड बसवणारा माणूस ठरवतो, बरेचदा सगळ्या गिऱ्हाइकांना एकच, म्हणजे दुरुस्तीला गेल्यावर त्याला आठवत बसायला नको. मालकाच्या हाती येतं ते मोबाइलमधलं चालू अ‍ॅप आणि बिलाची चिठ्ठी. त्यामुळे बंद डीव्हीआर उघडताना खरा प्रश्न असतो तो हे यंत्र तुमचंच आहे हे त्या यंत्राला, किंवा ते बनवणाऱ्या कंपनीला, कसं पटवायचं याचा. कंपन्यांना याचं समाधानकारक उत्तर सापडायला बरीच वर्षं लागली, आणि मधल्या काळात बरंच रामायण घडलं.

त्याआधी एक गोंधळ मिटवायला हवा. एका डीव्हीआरभोवती तीन-चार वेगवेगळी कुलपं असतात आणि घाईत ती एकमेकांत मिसळतात. नऊ ठिपक्यांवरून रेघ ओढायचा पॅटर्न हा फक्त त्या पेटीला जोडलेल्या मॉनिटरपुरता असतो. मोबाइल अ‍ॅपचा पासवर्ड कंपनीच्या सर्व्हरवरच्या तुमच्या खात्याचा असतो. तो ओटीपीनं पाच मिनिटांत बदलतो, पण त्यानं पेटीचं दार उघडत नाही. पेटीच्या लेबलवर किंवा मेनूत दिसणारा पडताळणी कोड यंत्र अ‍ॅपला जोडण्यापुरता. आणि या सगळ्यांच्या वर 'अ‍ॅडमिन' नावाचा एक वापरकर्ता बसलेला असतो. त्याचा पासवर्ड हाती नसला, तरच आपण खरे अडकलेलो असतो. पॅटर्न कुणाला ठाऊक असेल तर जुनं रेकॉर्डिंग बघणं आणि पेन ड्राइव्हवर घेणं बहुधा जमून जातं. पासवर्ड बदलायला गेलं की मात्र यंत्र आधी जुना मागतं.

म्हणून पहिला अर्धा तास यंत्राशी झटापट करण्याऐवजी माणसांकडे चौकशी करण्यात घालवावा. अ‍ॅप एकदा जोडलं की लॉग इनचे तपशील स्वतःकडे ठेवून घेतं, त्यामुळे माजी खजिनदारांच्या किंवा पुण्याला शिकायला गेलेल्या मुलाच्या फोनवर चारही कॅमेरे अजून व्यवस्थित दिसत असण्याची शक्यता दांडगी असते. हिकव्हिजन या कंपनीच्या यंत्रांत तर ज्या खात्यात पेटी नोंदवलेली आहे, त्या खात्यातूनच तिचा पासवर्ड नव्यानं लावायची सोय आहे. कुठल्यातरी जुन्या लॅपटॉपच्या ब्राउझरनं पासवर्ड जपून ठेवलेला असतो. अंदाजपंचे पासवर्ड टाकत बसण्यात मात्र अर्थ नाही. बहुतेक यंत्रं पाच-सात चुकांनंतर स्वतःला काही काळ, अनेकदा अर्धा तास, बंद करून घेतात, आणि तेवढ्यात पोलीस चहा पिऊन निघून गेलेले असतात.

हे सगळं करून हात रिकामेच राहिले, तर पेटीच्या आत काय आहे ते समजून घ्यावं लागतं. झाकणाचे स्क्रू काढले की आत फारसं काही नसतं. एका बाजूला हार्ड डिस्क, तिला गेलेल्या दोन केबली, मागच्या बाजूला कॅमेऱ्यांच्या वायरींची बीएनसी तोंडं, मधे हिरवा बोर्ड. बोर्डावर पांढऱ्या-करड्या हीट सिंकखाली प्रोसेसर, जवळच रुपयाच्या नाण्याएवढी चपटी बॅटरी आणि आठ पायांची एक इवली काळी चिप. ही चिप म्हणजे फ्लॅश मेमरी. यंत्र चालवणारी लिनक्सची छोटी आवृत्ती आणि सगळी सेटिंगं तिच्यात असतात. पासवर्डही तिच्यातच असतो. हार्ड डिस्कवर फक्त चित्रीकरण जातं.

नव्या यंत्रांत पासवर्ड आहे तसा लिहून ठेवलेला नसतो. तो एका गणिती प्रक्रियेतून काढून तिचं उत्तर, म्हणजे हॅश, साठवलं जातं. तुम्ही पासवर्ड टाकला की यंत्र त्यावर तीच प्रक्रिया करतं आणि दोन उत्तरं जुळतात का एवढंच बघतं. गिरणीतून गव्हाचं पीठ होतं, पिठाचा गहू होत नाही, तशीच ही एकमार्गी वाट आहे. "साहेब, तुमचा जुना पासवर्ड काय होता ते मी काढून देतो, दोन हजार द्या" असं कुणी म्हणालं, तर एकतर यंत्र फार जुनं आहे किंवा तो माणूस थापा मारतोय. जुना पासवर्ड परत मिळत नाही, नवा लावता येतो; कंपनीचा कस्टमर केअरसुद्धा याहून जास्त काही करू शकत नाही.

इथेच ती प्रसिद्ध बॅटरीची युक्ती येते. डीव्हीआर उघडा, चपटी बॅटरी काढा, दहा मिनिटं थांबा, परत लावा, पासवर्ड गेला! हा सल्ला इतक्या ठामपणे दिला जातो की तो खरा वाटतो, आणि त्याचं मूळही खरंच आहे, फक्त दुसऱ्या यंत्रातलं. जुन्या कॉम्प्युटरांत बायॉसची सेटिंगं आणि पासवर्ड बॅटरीच्या जिवावर जगणाऱ्या मेमरीत असायचे. बॅटरी काढली की ते पुसले जायचे. डीव्हीआरमधली फ्लॅश मेमरी विजेशिवाय वर्षानुवर्षं टिकते. तिथली बॅटरी फक्त घड्याळ चालवते. ती काढल्यावर पासवर्ड जागच्या जागी राहतो आणि तारीख तेवढी मागे, बरेचदा २००० सालच्या १ जानेवारीवर, जाते. चोरीच्या तपासात चुकीची तारीख दाखवणाऱ्या रेकॉर्डिंगचा किती उपयोग, ते वकिलाला विचारून पाहावं.

ही युक्ती जुन्या डीव्हीआरवर क्वचित चालायची, पण वेगळ्याच कारणानं. त्या काळच्या काही यंत्रांत कारखान्यानंच एक चोरदार ठेवलेलं होतं: यंत्रातली तारीख घेऊन ठरावीक गुणाकार केला की सहा आकडी 'सुपर पासवर्ड' तयार व्हायचा आणि तो मॉनिटरसमोर बसून टाकता यायचा. बॅटरी काढून तारीख माहितीच्या दिवसावर आणली की गणित सोपं व्हायचं. हिकव्हिजनच्या जुन्या यंत्रांत यंत्राचा अनुक्रमांक आणि तारीख यांवरून कोड निघायचा. तो कंपनीनं द्यायचा अशी अपेक्षा होती, पण सूत्र लवकरच बाहेर फुटलं आणि कोड काढून देणारे छोटे प्रोग्राम कॅमेरेवाल्यांच्या फोनमध्ये फिरू लागले. मालकाची सोय झाली, पण अनुक्रमांक तर पेटीवर छापलेलाच असतो. तो वाचू शकणारा कुणीही मालक ठरत होता.

पासवर्ड न बदलण्याची सवय तर त्याहून घातक निघाली. कारखान्यातून निघताना हिकव्हिजनच्या यंत्रांवर 'अ‍ॅडमिन' आणि '१२३४५', दाहुआ या कंपनीच्या यंत्रांवर 'अ‍ॅडमिन' आणि पुन्हा 'अ‍ॅडमिन' असायचं, आणि लाखो घरांत ते तसंच राहिलं. २०१६ साली अमेरिकेतल्या तीन तरुणांनी 'मिराई' नावाचा प्रोग्राम लिहिला. त्याच्याजवळ कारखान्यातून येणाऱ्या साठेक नाव-पासवर्ड जोड्यांची यादी होती, बाकी काही नाही. इंटरनेटवर दिसेल त्या कॅमेऱ्याचं, डीव्हीआरचं, राउटरचं दार तो या जोड्यांनी ठोठावत जायचा, उघडलं की आत शिरायचा आणि हुकूम मिळाला की त्या सगळ्या यंत्रांकडून एकाच वेळी एखाद्या वेबसाइटवर मारा करवायचा. २१ ऑक्टोबर २०१६ रोजी, वेबसाइटांचे इंटरनेटवरचे पत्ते शोधून देणाऱ्या 'डाइन' या कंपनीवर असा मारा झाला आणि ट्विटर, नेटफ्लिक्स, स्पॉटिफाय अमेरिकेत आणि युरोपात कित्येक तास अडखळत राहिले. या हल्ल्यात शिओंगमाई या चिनी कंपनीचे बोर्ड असलेले डीव्हीआर मोठ्या संख्येनं सापडले. त्यातली मेख बघण्यासारखी आहे: मालकानं मेनूतला पासवर्ड इमानेइतबारे बदलला, तरी दुरून आत शिरायच्या टेलनेट नावाच्या वाटेचा जो 'रूट' पासवर्ड होता तो कारखान्यानं कायमचा ठोकून बसवलेला होता. मालकाला तो दिसत नव्हता, बदलता येत नव्हता. मिराईला मात्र पाठ होता. लिहिणाऱ्या तिघांनी २०१७ मध्ये न्यायालयात गुन्हा कबूल केला.

त्याच वर्षी मार्चमध्ये हिकव्हिजनच्या अनेक कॅमेऱ्यांत पासवर्ड न देताच आत शिरता येईल अशी गंभीर त्रुटी उघड झाली आणि कंपनीला सॉफ्टवेअरची दुरुस्ती द्यावी लागली. कॅमेऱ्यांच्या धंद्यात हळूहळू नवी शिस्त रुजली ती याच सुमारास. तयार पासवर्ड देणं बंद झालं. यंत्र पहिल्यांदा सुरू करताना किमान आठ अक्षरी, आकडे-अक्षरं मिसळलेला पासवर्ड आपणच ठरवायचा, त्याशिवाय पुढे जाता येत नाही. तारखेची आणि अनुक्रमांकाची गणितं नव्या यंत्रांवर चालेनाशी झाली. भारतातही एप्रिल २०२५ पासून बाजारात येणाऱ्या सीसीटीव्ही कॅमेऱ्यांना सरकारमान्य प्रयोगशाळेत सुरक्षेची तपासणी करून घेणं सक्तीचं झालं. हे उशिरा सुचलेलं शहाणपण होतं. २०२५च्याच फेब्रुवारीत राजकोटच्या एका प्रसूती रुग्णालयातल्या महिलांच्या तपासणीच्या चित्रफिती इंटरनेटवर विकल्या जात असल्याचं उघडकीला आलं. पकडल्या गेलेल्यांत लातूर आणि सांगलीकडचे तरुण होते, आणि पुढे बातम्यांत छापून आलेला त्या यंत्रणेचा पासवर्ड होता 'अ‍ॅडमिन१२३'.

आता 'पासवर्ड विसरलात?' या ओळीवर टिचकी मारल्यावर काय होतं ते बघू. पहिली गोष्ट, ही ओळ पेटीला थेट जोडलेल्या मॉनिटरवर किंवा त्याच राउटरवरच्या कॉम्प्युटरवरच कामाला येते. तुम्ही पेटीच्या जवळ आहात हा मालकीचा पहिला पुरावा. दाहुआच्या नव्या यंत्रांत, आणि सीपी प्लसच्या अनेक मॉडेलांतही, पडद्यावर क्यूआर कोड येतो. तो कंपनीच्या अ‍ॅपनं स्कॅन केला की यंत्र बसवताना जो ईमेल नोंदवला होता त्यावर एक सुरक्षा कोड येतो, तो ठरावीक मुदतीत पडद्यावर टाकायचा आणि नवा पासवर्ड लावायचा. दहा मिनिटांचं काम. घोडं पेंड खातं ते ईमेलपाशी. पडद्यावर पत्त्याचं आद्याक्षर आणि पुढे नुसत्या चांदण्या दिसतात, आणि ते आद्याक्षर घरातल्या कुणाचंच नसतं. तो पत्ता कॅमेरेवाल्याच्या दुकानाचा असतो. वैतागायचं कारण नाही; नंबर बदललेला माणूस निदान कुठल्या दुकानाचा होता त्याचा धागा त्यातून मिळतो.

हिकव्हिजनच्या यंत्रांत सुरुवातीला तीन वाटा तयार करून ठेवता येतात: गुपित प्रश्नांची उत्तरं, ईमेल, आणि पेन ड्राइव्हवर काढून ठेवलेली जीयूआयडी नावाची छोटी फाइल. ही फाइल म्हणजे त्या एका पेटीची राखीव किल्ली. बसवण्याच्या दिवशी पडदा ती काढून घ्यायला सुचवतो आणि बहुतेक जण 'नंतर' म्हणून पुढे जातात. तिन्ही वाटा बंद असतील, तर त्याच राउटरवरच्या विंडोज कॉम्प्युटरवर कंपनीचा एसएडीपी हा मोफत प्रोग्राम चालवावा लागतो. त्यात आपली पेटी अनुक्रमांकासह दिसते. तिथून एक फाइल काढून ती कंपनीच्या सेवा विभागाकडे, बहुधा बिलाच्या आणि लेबलच्या फोटोसह, पाठवायची. उत्तरादाखल येणारी फाइल तिथेच परत घालायची की नवा पासवर्ड लावता येतो. यात एक जाच आहे: फाइल काढल्यापासून उत्तर येईपर्यंत पेटी बंद होता कामा नये. मधे वीज गेली आणि ती पुन्हा सुरू झाली, तर आलेलं उत्तर निरुपयोगी ठरतं आणि पुन्हा पहिल्यापासून सुरुवात. इन्व्हर्टर नसलेल्या गावात हे काम संध्याकाळी काढू नये.

कंपनीचा नंबर शोधतानाही जपावं लागतं. बँकांच्या नावानं जसे खोटे कस्टमर केअर नंबर गूगलवर पेरलेले असतात, तसे इथेही असतात. नंबर पेटीच्या खोक्यावरून किंवा कंपनीच्या अधिकृत साइटवरूनच घ्यावा. पलीकडच्यानं मोबाइलवर स्क्रीन शेअर करणारं अ‍ॅप टाकायला सांगितलं की फोन ठेवून द्यावा. डीव्हीआर उघडायला तुमच्या मोबाइलचा पडदा कुणालाही बघावा लागत नाही.

यातली कुठलीच वाट चालत नाही अशीही यंत्रं असतात. खोक्यावर नाव एक, आत बोर्ड भलताच, कंपनी कधीच गुंडाळलेली. काही बोर्डांवर रीसेटचं बारीक बटण असतं. वीज चालू करताना ते काही सेकंद दाबून धरलं की यंत्र कारखान्यातून आलं तसं होतं. बटण नसेल तर मुंबईच्या लॅमिंग्टन रोडवर किंवा पुण्याच्या बुधवार पेठेत चिप रायटर बाळगणारा कारागीर गाठावा. तो त्या आठ पायांच्या चिपला चिमटा लावून आतलं सॉफ्टवेअर नव्यानं भरतो. भरताना अगदी त्याच मॉडेलची फाइल लागते. चुकीची गेली तर पेटीचा दगड होतो. साध्या चार कॅमेऱ्यांच्या पेटीसाठी एवढा उपद्व्याप करण्यापेक्षा नवी पेटी घेणं मला जास्त शहाणपणाचं वाटतं. नव्या पेटीला कॅमेरे, वायरी आणि पॉवर सप्लाय बहुधा तेच चालतात.

कुठलीही वाट धरा, हार्ड डिस्कवर चोरीचं रेकॉर्डिंग असेल तर घड्याळ तुमच्या विरोधात चालू असतं. डिस्क भरली की डीव्हीआर सगळ्यात जुन्या भागावर नवं लिहायला लागतो. हिशोब सोपा आहे. एका कॅमेऱ्याचं चित्र सेकंदाला साधारण २ मेगाबिट धरलं, तर चार कॅमेऱ्यांचे ८ मेगाबिट, म्हणजे सेकंदाला १ मेगाबाइट. दिवसाचे ८६ जीबी झाले. १ टीबीची डिस्क अकरा दिवसांत भरते, आठ कॅमेरे असतील तर सहा दिवससुद्धा पुरत नाही. कंपनीच्या उत्तराची वाट बघण्यात आठवडा गेला, तर पासवर्ड मिळेल आणि स्कूटर दिसणार नाही. पेटी बंद करावी तर फाइलचा खेळ बिघडतो. यावर साधा उपाय म्हणजे पेटी चालू ठेवून मागून कॅमेऱ्यांच्या वायरी काढून ठेवणं. चित्रच येत नसलं की जुनं रेकॉर्डिंग बहुधा खाल्लं जात नाही. तेवढे दिवस कॅमेरे आंधळे राहतात हे मात्र सगळ्यांना सांगून ठेवावं.

डिस्क काढून घरच्या कॉम्प्युटरला लावून बघायचा मोहही अनेकांना होतो. बहुतेक घरगुती डीव्हीआरमध्ये पासवर्ड मेनूवर असतो, डिस्कवर नाही, त्यामुळे विचार अगदीच चुकीचा नाही. पण या डिस्कांवरची मांडणी कंपन्यांची स्वतःची असते. विंडोजला ती कळत नाही, आणि ते सरळ विचारतं की डिस्क वापरण्याआधी फॉरमॅट करायची का. इथे 'नाही' म्हणायचं. नव्या पेटीत जुनी डिस्क घातल्यावर 'इनिशियलाइझ करू का' असं विचारलं जातं, तिथेही नाहीच म्हणायचं. एका 'हो'मध्ये सगळं पुसलं जातं. अशा डिस्का वाचणारे डेटा रिकव्हरीवाले आणि पोलिसांच्या प्रयोगशाळा असतात. प्रकरण गंभीर असेल तर डिस्कला हात न लावता पेटीच त्यांच्या ताब्यात द्यावी.

पासवर्ड नवा लागला की संध्याकाळपर्यंत सगळ्यांच्या फोनवरचं चित्र जातं, कारण प्रत्येक अ‍ॅप जुनाच पासवर्ड पाठवत असतं. एनव्हीआर असेल, म्हणजे कॅमेरे लॅन केबलवर चालणारे असतील, तर आणखी एक चमत्कार दिसू शकतो: पेटी उघडते आणि चौकटी काळ्या पडतात. त्या कॅमेऱ्यांचा स्वतःचा पासवर्ड असतो. पेटी कारखान्याच्या अवस्थेला गेली तरी कॅमेरे जुनाच धरून बसतात, आणि मग एकेक कॅमेरा रीसेट करत शिडीवर चढणं आलं.

रेकॉर्डिंग हाती आलं आणि प्रकरण न्यायालयात गेलं, तर कायदा पुन्हा यंत्र कोणाचं याच मुद्द्यावर येतो. २०१४च्या विधानसभा निवडणुकीत जालन्यात उमेदवारी अर्ज दुपारी ३ नंतर घेतला गेला का, हा वाद निवडणूक अधिकाऱ्याच्या कार्यालयातल्या व्हिडिओ चित्रीकरणावर येऊन ठेपला होता. अर्जुन खोतकर विरुद्ध कैलाश गोरंट्याल या त्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं १४ जुलै २०२० रोजी सांगितलं की मूळ यंत्रच न्यायालयात हजर केलेलं नसेल, तर इलेक्ट्रॉनिक नोंदीच्या प्रतीबरोबर प्रमाणपत्र असणं सक्तीचं आहे. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ मध्ये ही अट आहे, आणि कायद्याच्या शेवटी प्रमाणपत्राचा छापील नमुनाच दिलेला आहे. त्याचा 'अ' भाग पक्षकारानं भरायचा, 'ब' भाग तज्ज्ञानं. नोंद कोणत्या साधनातून घेतली त्या चौकटींत डीव्हीआरची वेगळी चौकट आहे. मॉडेल आणि अनुक्रमांक लिहायचा आहे. फाइलची हॅश किंमत द्यायची आहे. आणि एका ओळीत सही करणाऱ्यानं खूण करून सांगायचं आहे की हे यंत्र त्याच्या मालकीचं आहे, की तो त्याची देखभाल करतो, व्यवस्था बघतो, की ते चालवतो. सोसायटीच्या वतीनं ही सही सहसा सेक्रेटरी करतात, आणि उलटतपासणीत बचावाचा वकील त्यांना विचारू शकतो की त्या तारखेला अ‍ॅडमिनचा पासवर्ड कोणाकोणाला ठाऊक होता.